मेतकुटाची बिस्किटं

आज बिस्किटांच्या पिठात मेतकूट घातलं. दीड वाटी कणीक, अर्धी वाटी मेतकूट, पाऊण वाटी साजूक तूप, अर्धी वाटी पिठीसाखर, चिमूटभर मीठ. ओव्हन १७० अंशांवर, साधारण पंधरा मिनिटं.

मेतकुटातल्या डाळी नि तांदूळ आधीच भाजलेले, म्हणून कच्चट वास येत नाही. त्यांत ग्लूटेनही नसतं, त्यामुळे बिस्कीट खुसखुशीत होतं. मेतकुटातली मेथी आणि हिंग तुपात मुरले की गोडाला खमंगपणा येतो.

मऊ भात, तूप, मेतकूट हे आपलं आजारपणातलं पथ्याचं जेवण. तीच चव चहाबरोबर खाताना फार आनंद झाला. आजीच्या डब्यातली पिठं पथ्यापुरती उरू नयेत, मुलांच्या खाऊत यावीत असं मनापासून वाटतं. पुढच्या खेपेला साखरेऐवजी गूळ घालेन.