घारापुरीचा नसलेला दगड

घारापुरीला जाऊन आलेल्या प्रत्येकाला तिथला सदाशिव आठवतो. तिथे काय नाही, हे मात्र सहसा कोणी विचारत नाही. आजचा धागा त्या बेटावर नसलेल्या एका दगडाविषयी आहे. त्याची सुरुवात मात्र समुद्रापासून शेकडो किलोमीटर दूर, अकोल्याच्या जुन्या शहरात होते.

जुने शहर मोर्णा नदीच्या पश्चिम काठावर वसलेले आहे. असदगडाच्या उरल्यासुरल्या तटबंदीच्या आधाराने घरे उभी आहेत. ग्रामदैवत राजराजेश्वर. श्रावणातल्या शेवटच्या सोमवारी गांधीग्रामहून पूर्णेचे पाणी कावडीने पायी आणून त्याला अभिषेक करतात. अख्खे शहर रात्रभर रस्त्यावर असते. याच वस्तीतल्या एका निवृत्त शिक्षकाने चाळीसेक वर्षे ती कावड पाहिली, तरुणपणी खांद्यावरही घेतली. समुद्र मात्र त्याने कधी पाहिला नव्हता.

गेल्या हिवाळ्यात मुंबईतल्या नातेवाइकांकडे लग्न निघाले आणि नातीने हट्ट धरला, ‘आबा, लग्नानंतर एक दिवस घारापुरी.’ आबांनी लगेच वार ठरवला. सोमवार. शंकराला जायचे तर दुसरा कोणता वार असणार? नातीने हळूच सांगितले, की सोमवारीच ती लेणी बंद असतात. आबांना हे पटायला बराच वेळ लागला. महादेवाच्या वारी महादेवाचे दार बंद ठेवणारे खाते कोणते, हा त्यांचा प्रश्न तसा रास्तच होता. शेवटी मंगळवार ठरला.

घरची आठ माणसे होती. आबांचे गुडघे आणि सार्वजनिक बोटीवरची रेटारेटी यांचा विचार करून भाच्यांनी वर्गणी काढली आणि दिवसभरासाठी एक लहान खाजगी बोट ठरवली. सगळ्यांनी लाइफ जॅकेट घातले. आबांनीही, कुरकुर न करता. १८ डिसेंबर २०२४ रोजी याच मार्गावर दोन बोटींची टक्कर होऊन १५ माणसे गेली, हे त्यांनी अकोल्यातच वर्तमानपत्रात वाचले होते.

मुंबईहून बोट ठरवून एका दिवसात बेट पाहून परतणे ही आजची हौस नव्हे. इंग्रजी अमदानीत साहेबांचे जथे शिधा आणि नोकरचाकर बरोबर घेऊन मचव्यातून घारापुरीला जात. १७६४ साली डेन्मार्कच्या राजाने पाठवलेल्या मोहिमेतला कार्स्टन नीबुर इथे आला आणि एकदा पाहून समाधान न झाल्याने पुन्हा पुन्हा येत राहिला. त्याने लेण्याचा आराखडा आणि मूर्तींची चित्रे काढली. १८०९ मध्ये मारिया ग्रॅहम आली. तिचे प्रवासवर्णन १८१२ मध्ये छापले गेले. नोव्हेंबर १८७५ मध्ये प्रिन्स ऑफ वेल्स आला, तेव्हा तर लेण्यातच दिव्यांची आरास करून मेजवानी झडली. सहाव्या शतकातल्या शिवासमोर काटे-चमचे वाजले, हे आज वाचताना विचित्र वाटते. पण त्या काळच्या मुंबईत पाहुण्याला दाखवायला याहून मोठे काही नव्हते, हेही खरे.

बोटीत नातीने विचारले, ‘आबा, या बेटाला एलिफंटा का म्हणतात, ठाऊक आहे?’

‘हत्ती असन एखांदा,’ आबा म्हणाले.

खरोखरच होता. बेटाच्या दक्षिणेला, जिथे पूर्वी मचवे लागत, तिथे दगडात कोरलेला एक मोठा हत्ती उभा होता. पोर्तुगीजांनी त्याच्यावरूनच बेटाला नाव दिले. सतराव्या शतकाच्या अखेरीचे प्रवासी दगडी घोड्याचाही उल्लेख करतात. तो पुढे नाहीसा झाला. १८१४ च्या सप्टेंबरात हत्तीची मान आणि डोके गळून पडले, मग धडही खचले. १८६४ मध्ये त्याचे तुकडे मुंबईत आणले गेले. त्याची गोष्ट पुढे पुन्हा येईल.

आता तो दगड.

डिसेंबर १५३४ मध्ये गुजरातच्या बहादूरशाहाने वसई आणि तिच्या ताब्यातला प्रदेश पोर्तुगीजांना दिला. त्याच साली गार्सिया द ऑर्टा हा वैद्य घारापुरीला येऊन गेला. चार वर्षांनी जुआंव द कास्त्रो आला आणि त्याने लेण्याची मापे घेतली. या दोघांपेक्षा आपल्या कामाचा साक्षीदार आहे दियोगो द कोतो, गोव्यातला पोर्तुगीज इतिहासकार. तो लिहितो, की लेण्याच्या दारावर मोठ्या, सुबक अक्षरांत कोरलेला एक शिलालेख होता. पोर्तुगीजांनी तो दगड काढला. गव्हर्नरने तो वाचू शकणारा हिंदू किंवा मुसलमान सर्वत्र शोधला. कोणी मिळाला नाही. मग दगड पोर्तुगालला राजा तिसऱ्या जुआंवकडे रवाना झाला. राजानेही प्रयत्न केले, व्यर्थ. आणि कोतो लिहीत होता तेव्हाच त्या दगडाचा मागमूस उरला नव्हता.

इथे जरा थांबायला हवे. ही घटना मूर्तिभंजनाच्या नेहमीच्या कथेत बसत नाही. लेण्यातल्या मूर्तींवर पोर्तुगीज सैनिक बंदुकीचा नेम धरत, असे प्रत्येक गाइड सांगतो. त्यांच्या काळात नासधूस झाली यात शंका नाही, पण झिरपणारे पाणी आणि शतकांची हेळसांड यांचाही वाटा मोठा आहे. आज उभे असलेले कित्येक खांब पुरातत्त्व खात्याने नव्याने बसवलेले आहेत. शिलालेख मात्र द्वेषाने फोडलेला नाही. तो कुतूहलाने उचलला गेला. कोणीतरी वाचावा, अर्थ लागावा, म्हणून तो जहाजावर चढवला. परिणाम तोच झाला. कदाचित अधिक वाईट. कारण फुटलेल्या दगडाचे तुकडे निदान जागेवर पडून राहतात.

वाचणारा का मिळाला नाही? लेख लेण्याच्याच काळातला असेल, तर त्याची लिपी ब्राह्मीपासून निघालेल्या जुन्या वळणाची असणार, आणि सोळाव्या शतकात ती वळणे वाचणारे कोणी उरले नव्हते. ब्राह्मीचे कोडे जेम्स प्रिन्सेपने सोडवले ते १८३७ च्या सुमारास. त्यानंतरच्या एका पिढीत मुंबईच्याच डॉ. भाऊ दाजी लाड यांनी अजिंठ्याचे लेख वाचले, जुनागढच्या लेखांवर काम केले. म्हणजे घारापुरीचा दगड आणखी तीनशे वर्षे आपल्या दारावर राहिला असता, तर बंदरापलीकडे राहणारा एक डॉक्टर मचव्यात बसून आला असता आणि ठसा घेऊन संध्याकाळी घरी परतला असता.

त्या एका दगडाच्या अभावी विद्वानांचे किती कष्ट वाढले! कोकणचे मौर्य, चालुक्य, राष्ट्रकूट, कलचुरी, अशी एकेक नावे पुढे आली. इसवी सन ६३४ च्या ऐहोळे शिलालेखात रविकीर्ती सांगतो, की दुसऱ्या पुलकेशीने मौर्यांचा पराभव केला आणि पश्चिम समुद्राची लक्ष्मी असलेल्या पुरीवर शेकडो नौकांनिशी हल्ला चढवला. ही पुरी म्हणजे घारापुरी असे काहींचे मत आहे, काही तिला राजापुरी मानतात. बेटावर कलचुरी कृष्णराजाची नाणी सापडली, आणि हा राजवंश पाशुपत शैव होता. कलचुरींच्या लेखांचा प्रचंड संग्रह १९५५ मध्ये सिद्ध करणारे महामहोपाध्याय वा. वि. मिराशी यांनी लेण्यांचे श्रेय कलचुरींना दिले. पुढे वॉल्टर स्पिंक यांनीही तोच पक्ष घेतला. मिराशी आपल्याच विदर्भात, अमरावतीच्या विदर्भ महाविद्यालयाचे काही काळ प्राचार्य होते. आज सहाव्या शतकाचा मध्य आणि कलचुरी हे उत्तर बहुतेकांना मान्य आहे, आणि ते भक्कमही वाटते. तरी ते जुळवून काढलेले उत्तर आहे. कोणी आपले नाव सांगून दिलेले नव्हे.

खुर्चीवाल्यांना नकार देऊन आबा शंभरावर पायऱ्या बसत-उठत चढले. लेण्यात शिरल्यावर त्यांनी चपला काढल्या. तिथे तशी सक्ती नाही, इतर कोणी काढल्याही नव्हत्या. सुमारे ३९ मीटर लांबीरुंदीचे ते दालन, खांबांच्या रांगा, आणि दक्षिणेच्या भिंतीत साडेपाच मीटरहून उंच असा तीन मुखांचा सदाशिव. आबा बराच वेळ काही बोलले नाहीत. मग ते गाभाऱ्याकडे गेले. चार दारांच्या त्या चौकोनी गाभाऱ्यात लिंग आहे, पण रोजची पूजा नाही. अकोल्याहून त्यांनी लहानशा बाटलीत पूर्णेचे पाणी आणले होते. पहारेकऱ्याने नम्रपणे नाही म्हटले. आबांनी वाद घातला नाही. बाटली परत पिशवीत गेली. जतनाचा नियम आणि भक्ताची इच्छा यांत कोणाची बाजू घ्यावी हे सोपे नाही. निदान त्या क्षणी नातीला ते सोपे गेले नाही.

बाहेर पायरीवर बसून आबांनी विचारले, ‘कोणं केलं हे? नाव लिहेल नसन का कुठी?’

नातीने दगडाची सगळी हकिकत सांगितली. वसईचा तह, कोतो, राजा, जहाज. आबांनी शेवटपर्यंत ऐकून घेतले आणि म्हणाले, ‘वाचता येत नाही म्हणून कोनी पाटीच काढून नेते काय, माय?’

परतीच्या वाटेवर माल विकणाऱ्या बायकांशी त्यांच्या गप्पा झाल्या. राजबंदर, शेतबंदर आणि मोराबंदर ही बेटावरची तीन गावे. समोर मुंबईचा झगमगाट, आणि इथे कायमची वीज पोहोचली फेब्रुवारी २०१८ मध्ये, समुद्राखालून केबल टाकून. जागतिक वारसा हा दर्जा त्याआधी एकतीस वर्षे, १९८७ मध्येच मिळाला होता. एका बाईने सांगितले, पावसाळ्यात बोटी बंद झाल्या की धंदाही बंद. वऱ्हाडातल्या कोरडवाहू शेतीची सवय असलेल्या आबांना पावसाने उपजीविका थांबते, ही गोष्ट नवीन होती. त्यांच्याकडे ती पाऊस न आल्याने थांबते.

दुसऱ्या दिवशी रात्रीची गाडी होती. दुपारी नातीने आबांना भायखळ्याला नेले. राणीच्या बागेलगत डॉ. भाऊ दाजी लाड संग्रहालयाच्या आवारात घारापुरीचा हत्ती उभा आहे. १८६४ मध्ये आणलेले तुकडे १९१४ मध्ये जोडून पुन्हा उभा केलेला. सांधे दिसतात. शिलालेख हरवलेल्या बेटाचा हत्ती शिलालेख वाचणाऱ्या माणसाच्या नावाच्या वास्तूसमोर उभा आहे, हे कोणी ठरवून केलेले नाही. संग्रहालयाला ते नाव १९७५ मध्ये मिळाले. आबांनी हत्तीच्या पायावर हात ठेवला आणि विचारले, ‘याले परत नाही नेत का तिकडे?’ नातीकडे उत्तर नव्हते. बंदरात एकटा असता तर हा आज उरला असता का, हाही एक प्रश्नच आहे.

गाडी कल्याण सोडून घाट चढू लागली तेव्हा बोलणे असदगडावर आले. हा किल्ला औरंगजेबाचा वजीर असदखान याच्या नावाचा. १६९७ हे साल सामान्यतः सांगितले जाते. १८०३ च्या नोव्हेंबरात आर्थर वेलस्ली अकोल्यावरूनच अडगावच्या लढाईला गेला. १८७० च्या सुमारास इंग्रजांनी तटबंदी पाडली, म्हणजे प्रिन्स ऑफ वेल्स लेण्यात जेवायला बसण्याच्या जेमतेम पाच वर्षे आधी. पण वेशींवरच्या लेखांची नोंद झाली. दहीहंडा वेशीवरचा लेख औरंगजेब आणि असदखान यांची नावे घेतो. आगर वेशीवरचा मराठी लेख मात्र म्हणतो, की किल्ला गोविंद आप्पाजीने १८४३ साली बांधला.

दोन्ही खरे कसे असतील? १८४३ मध्ये वऱ्हाड निजामाकडे होते. इंग्रजांकडे ते १८५३ मध्ये आले. गोविंद आप्पाजीने पडझड झालेल्या किल्ल्याची दुरुस्ती केली असेल आणि ‘बांधला’ असे लिहवून घेतले असेल, हा तर्क सर्वांत सरळ वाटतो. दुरुस्तीला बांधकाम म्हणण्याची हौस काही आजची नाही. पण निदान तर्क करायला दगड आहे. तो विसंगत आहे म्हणून कोणी जहाजावर घातला नाही.

आबा जन्मभर त्या वेशीखालून शाळेत गेले होते. मुलांना बखरी शिकवल्या, पानिपत शिकवले. डब्यातले दिवे मंद झाल्यावर त्यांनी वरच्या बर्थवर पडलेल्या नातीला हाक मारली.

‘हा गोविंद आप्पाजी कोन होता, बाई?’

‘नाही माहीत, आबा.’

‘मंग लेख असून काय झालं?’ ते म्हणाले, आणि थोड्या वेळाने, ‘उद्या उतरलो का पयले तिकूनच घरी जाऊ. टॉर्च आहे ना तुह्याजवळ?’