तीन मुलींचे प्रा. देवधर

24 ऑगस्ट 1993 ला पुण्यात प्रा. दि. ब. देवधर गेले, तेव्हा वयाचीही शंभरी त्यांनी ओलांडली होती. मैदानावरची शतकं तर जगजाहीर. 1926 मध्ये गिलिगनच्या एमसीसी संघाविरुद्ध 148, पन्नाशीच्या उंबरठ्यावर मुंबईविरुद्ध 246, आणि पन्नाशी उलटल्यावर नवानगरविरुद्ध एकाच सामन्याच्या दोन्ही डावांत शतक! महाराष्ट्राला लागोपाठ दोनदा रणजी करंडक मिळाला तो त्यांच्याच नेतृत्वाखाली. त्यामुळे देवधरांवर लिहायला बसलं की लेखणी क्रिकेटमध्येच रमते आणि घरची गोष्ट शेवटच्या ओळीत उरकली जाते: त्यांच्या मुलीही बॅडमिंटन खेळत.

नुसत्या खेळत? तारा, सुंदर आणि सुमन या सख्ख्या बहिणींनी 1940चं दशक गाजवलं. राष्ट्रीय विजेतेपदं मिळवली ती तिघींनीही. (बॅडमिंटनचे सुरुवातीचे नियम 1870च्या दशकात पुण्याच्याच छावणीत ठरले. गोऱ्या साहेबांचा तो खेळ मराठी घरातल्या पोरींनी असा आपलासा केला.)

तो काळ आठवा. मुलगी मॅट्रिक झाली की पत्रिका बाहेर निघायची. खेळातून नोकरी नाही, राखीव जागा नाही, वाढीव गुण नाहीत. अशा दिवसांत एस. पी. कॉलेजात संस्कृत शिकवणाऱ्या प्राध्यापकाने एकीला नव्हे, तिघींना देशपातळीपर्यंत खेळू दिलं. चार लोक काय म्हणतील, ही धास्ती पुण्यात तेव्हा काही कमी नव्हती. माझ्या मते 246 धावांपेक्षा ही खेळी अवघड.

शिवाय हा बाप कडेला उभा राहून सूचना करणारा नव्हता. मुली राष्ट्रीय स्पर्धा गाजवत होत्या त्याच दशकात हे स्वतः पॅड बांधून रणजी खेळत होते. खेळाचं महत्त्व त्या घरात वेगळं समजावून सांगावं लागलं नसणार.

आज बालेवाडीला पहाटे साडेपाचला जाऊन बघा. स्कूटरवर पुढे किटबॅग, मागे पेंगणारी मुलगी. ती कोर्टवर उतरली की बाबा पायरीवर बसून मोबाइलवर तिची प्रत्येक रॅली टिपतात, आणि घरी जाताना चुकांचा पाढा सुरू. कष्ट खरेच आहेत, त्यांना हसू नये. पण मुलीच्या वयाचे असताना आणि नंतरही आपण स्वतः काय खेळलो, हेही त्या बाबांनी अधूनमधून आठवावं.

देवधरांच्या नावाचा करंडक 1973-74 च्या हंगामात सुरू झाला, गहुंजेच्या स्टेडियमवर त्यांचा पुतळाही आहे. आता पुण्यातल्या बॅडमिंटनवाल्यांनी एवढं करावं: तारा, सुंदर आणि सुमन देवधर यांच्या नावाने शाळकरी मुलींची एक स्पर्धा दरवर्षी 24 ऑगस्टला भरवावी, आणि बक्षीस समारंभात विजेतीच्या आईबाबांनाही एकेक रॅकेट द्यावी.