गोठलेल्या चित्रांची भाषा

अपघात, आग, पूर किंवा हिंसाचारातून माणूस वाचतो, जखमाही भरतात. तरी अनेक महिने तो रात्री दचकून उठत राहतो. असे रुग्ण माझ्याकडे येतात ते ‘झोप लागत नाही’, ‘छातीत धडधडते’ अशा तक्रारी घेऊन. मूळ घटनेविषयी ते क्वचितच बोलतात. सोबतचे आप्त मात्र हताशपणे म्हणतात, “डॉक्टर, झालं गेलं विसर म्हणून किती समजावलं!”

विसरणे इतके अवघड का असते, हे मला पाठ्यपुस्तकांइतकेच एका प्रयोगशील लघुपटाने उमगवले. फ्रेंच दिग्दर्शक क्रिस मार्कर यांचा ‘ला झेते’ (१९६२) सुमारे २८ मिनिटांचा असून जवळजवळ संपूर्णपणे स्थिर छायाचित्रांतून साकारला आहे. नायकाने बालपणी पॅरिसच्या ऑर्ली विमानतळावर एका स्त्रीचा चेहरा व एका माणसाचा मृत्यू पाहिलेला असतो. पुढे महायुद्धात शहर बेचिराख होते, पण ते चित्र त्याच्या मनातून पुसले जात नाही.

हा लघुपट कोणत्याही आजारावर बेतलेला नाही. ‘आघातोत्तर तणाव विकार’ हे निदान अमेरिकी मनोविकार संघटनेच्या वर्गीकरणात आले तेच मुळी १९८० मध्ये. तरीही त्या रुग्णाचे अंतरंग त्यात अचूक उतरले आहे. साध्या आठवणीला आरंभ-अंत असतो. आघाताची आठवण तुकड्यांत गोठते. एखादा वास, एखादा आवाज पुरतो आणि घटना जणू आत्ता, इथेच घडू लागते. असा माणूस आठवणी उगाळत बसलेला नसतो. त्या त्याच्यावर चाल करून येतात.

लघुपटात एकदाच चित्र हलते: निजलेली ती स्त्री डोळे उघडते. सुरक्षित सहवासात गोठलेला काळ पुन्हा वाहू लागतो, असा अर्थ मी त्यातून घेतो.

म्हणून ‘विसर’ म्हणू नका. घटना सांगण्याची सक्तीही करू नका. जवळ बसा, झोपेच्या व जेवणाच्या वेळा सांभाळा. दुःस्वप्ने, दचकणे, त्या जागा टाळणे हे महिन्याहून अधिक टिकले, तर मनोविकारतज्ज्ञांना भेटा. या विकारासाठी खास मानसोपचार उपलब्ध आहेत. स्वतःला इजा करण्याचे विचार येत असतील, तर एक दिवसही थांबू नका. ‘टेलिमानस’ची १४४१६ ही शासकीय दूरध्वनी सेवा विनामूल्य आहे.

आणि हा लघुपट आपण अवश्य पाहा. मात्र नुकताच आघात सोसलेल्या आप्ताला तो आग्रहाने दाखवू नका.