लोविट्झचा पोलीस

ऐंशीच्या दशकात दूरदर्शनवर ‘द ओल्ड फॉक्स’ लागायची. जर्मन मालिका, इंग्रजीत डब केलेली. घरात इंग्रजी नीट कळायचं ते फक्त बाबांना, पण बसायचो सगळेच. म्युनिकचा पोलीस इन्स्पेक्टर कोस्टर कुणाच्या मागे धावत नसे. संशयिताच्या दिवाणखान्यात शिरायचा, खुर्चीत टेकायचा आणि समोरच्याला बोलू द्यायचा. जड पापण्यांखालून नुसता बघत राहायचा. समोरचा एक खोटं बोलून गप्प झाला की हाही गप्प. मग ती शांतता सोसेना म्हणून तो माणूस दुसरं खोटं बोलायचा आणि तिथेच अडकायचा. आजीला त्यातला एक शब्द कळत नसे, तरी “आता हा सापडला बघ,” असं ती बरोबर त्याच क्षणी म्हणायची.

नटाचं नाव झिगफ्रीड लोविट्झ, हे मला पुष्कळ पुढे कळलं. जर्मन शिकायला पुण्याच्या मॅक्स म्युलर भवनात जायला लागलो आणि तिथल्या ओळखींतून जुन्या जर्मन चित्रपटांचा नाद लागला. त्यात एक १९५८चा चित्रपट हाती आला, ‘एस गेशाह आम हेललिष्टन टाग’. कथा स्विस लेखक ड्युरेनमाटची. जंगलात एका लहान मुलीचा खून होतो आणि प्रेत सापडल्याची खबर देणाऱ्या फेरीवाल्यावरच आळ येतो. त्याची उलटतपासणी करणारा पोलीस अधिकारी हेन्झी पडद्यावर आला आणि मी ताठ बसलो. कोस्टरच की हा! वीसेक वर्षांनी तरुण, आणि पहिल्यांदाच स्वतःच्या आवाजात बोलणारा. आम्ही इतकी वर्षं ऐकला तो दुसऱ्याच कुणाचा तरी आवाज होता. खरा आवाज कोरडा, थोडा चिडका.

पण मला हलवलं ते वेगळ्याच गोष्टीने. हा हेन्झी म्हणजे कोस्टरच्या अगदी उलटा. प्रश्नांचा मारा करून तो फेरीवाल्याला थकवतो, कबुली काढतो आणि प्रकरण मिटवायला मोकळा होतो. फेरीवाला कोठडीत गळफास लावून घेतो. खुनी मोकळाच. हेन्झी दुष्ट नाही, त्याला घाई आहे एवढंच. लोविट्झने त्याला खलनायक केला नाही, म्हणून तर त्याची जास्त भीती वाटते.

लोविट्झचा जन्म १९१४चा, बर्लिनचा. पुढे म्युनिकच्या रंगभूमीवर तो नावारूपाला आला. सिनेमात मात्र बहुतेक दुय्यम कामं. एडगर वॉलेसच्या रहस्यपटांत, जर्मनांनी उभ्या केलेल्या धुकट लंडनमध्ये, १९५९ साली तो इन्स्पेक्टर एल्क, १९६४ साली निवृत्त इन्स्पेक्टर वॉरेन. मधेच, १९६० साली, फादर ब्राउनच्या चित्रपटात चक्क चोर! नायकाची जागा मिळाली ती ‘द ओल्ड फॉक्स’मध्ये, १९७७ साली, वयाच्या बासष्टाव्या वर्षी. आपल्याकडे त्या वयात माणसाला पेन्शन मिळते. कोस्टरचा तो सबुरीचा स्वभाव इतकी वर्षं कडेला उभं राहून आला असावा, असं मला आपलं वाटतं. पुरावा काही नाही.

१९८६ साली, शंभर भाग झाल्यावर, तो मालिकेतून बाहेर पडला. कोस्टरला गोळी घालून संपवला. लोविट्झ १९९९ साली गेला. मालिका मात्र चालूच राहिली. कोस्टरचा तरुण सहायक हायमान झालेला मिखाएल आन्डं हा मुळात बालनट; तो २०१६ पर्यंत तिथेच होता. तोवर मुख्य इन्स्पेक्टर चार झाले, आणि चौघांचाही सहायक हाच. म्हणजे लोविट्झने ज्या वयात निरोप घेतला, साधारण त्याच वयाला पोचेपर्यंत आन्डं दुय्यम भूमिकेतच राहिला.