जुन्या सभागृहाचे नवे अंतरंग

पनवेल, रविवार रात्र

हार्बरच्या गाडीने मुंबईस जाऊन राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालय पाहून परतल्यापासून मन त्या वास्तूतच रेंगाळत आहे. कावसजी जहांगीर यांच्या देणगीतून, जॉर्ज विटेट यांच्या आराखड्यानुसार १९११ साली उभारलेले जे सभागृह एके काळी व्याख्याने, मैफली आणि राजकीय सभांनी दुमदुमले, तेच वास्तुविशारद रोमी खोसला यांनी केलेल्या कायापालटानंतर १९९६ साली चित्रशिल्पांचे निवासस्थान झाले. बाहेरील दगडी रूपास धक्का न लावता आतल्या पोकळीत अर्धवर्तुळाकार दालने एकावर एक अशी रचली आहेत की, जिना चढताना खालचे शिल्प प्रत्येक वळणावर निराळे भासते आणि अखेरीस आपण घुमटाखाली येऊन ठाकतो. पॅरिसच्या पाँपिदू केंद्राने १९७७ साली आपले नळ आणि जिने उघडपणे दर्शनी भागावर मांडले. मुंबईच्या या वास्तूत मात्र सारे नावीन्य उदरात सामावले आहे. आमच्या पनवेलीतील उरलेसुरले वाडे दफ्तरी मोडकळीस आलेले म्हणून नोंदवून जमीनदोस्त करण्यापूर्वी, त्यांतील एखाद्यात तरी कलादालन वसवता येईल काय, याचा विचार कारभाऱ्यांनी आणि आम्हां रहिवाशांनी आस्थेने केलाच पाहिजे.