कानडी मुलखातले रात्रभराचे नाटक

ज्या भाषेतला शब्दही कळत नाही, त्या भाषेतले नाटक पहाटेपर्यंत बसून बघता येते का? आमच्या कळंबच्या बायकांना आता हा प्रश्न विचाराल, तर त्या ‘येतं की!’ म्हणून सांगतील. वर त्यातली गोष्टही सांगतील, आणि सुभद्रेचे लुगडे कसे होते तेही.

ऊस तुटून गेला, गहू-हरभरा घरात आला, की आमच्या इंदापूर तालुक्यात माणसांना देवदर्शनाचे वेध लागतात. आम्हीही आठ-दहा घरची मंडळी एक गाडी ठरवून निघालो. कोल्हापूरची अंबाबाई, मग बेळगाववरून घाट उतरून गोकर्ण, तिथून समुद्राच्या कडेकडेने इडगुंजीचा गणपती, मुरुडेश्वर आणि शेवटी उडुपीचा कृष्ण, असा बेत होता. गोकर्णहून खाली येताना कुमठा मागे पडले, की होन्नावरच्या जरा अलीकडे कर्की नावाचे गाव लागते. गाडी तिथे थांबली नाही, पण वाचकांनी हे नाव ध्यानात ठेवावे. पुढे त्याची गरज पडणार आहे.

कुंदापूरच्या आसपास आमचा मुक्काम पडला. जेवणे झाली आणि लांबून वाद्याचा आवाज यायला लागला. आपल्या हलगीसारखा कडक, पण घाई त्याहून जास्त. आम्ही उतरलो होतो तिथले म्हातारे मालक घरात कोकणी बोलत. कोकणी म्हणजे मराठीची मावसबहीण. सावकाश बोलले तर निम्मेअधिक कळत होते. त्यांनी सांगितले, “बयलाट आहे. चला, तुम्हाला दाखवतो.”

बयल म्हणजे मोकळे रान आणि आट म्हणजे खेळ. आपण ज्याला यक्षगान म्हणून ऐकून असतो, तेच हे. भात कापून मोकळे झालेल्या खाचरात मांडव घातला होता. समोर चटया अंथरलेल्या. त्यावर म्हातारेकोतारे, लेकुरवाळ्या बाया, शाळेतली पोरे, सगळे गाव येऊन बसले होते. तिकीट नव्हते. एका शेतकऱ्याच्या घरचे आजारपण बरे झाले म्हणून त्याने देवीला हा खेळ बोलला होता. आपण सत्यनारायण बोलतो, गोंधळ घालतो, तसे तिकडे नवसाचा खेळ करतात. खर्च त्या घराचा, आणि खेळ बघायला सगळी पंचक्रोशी. मंदार्तीच्या देवीसारख्या काही देवस्थानांची स्वतःची नाटकमंडळे आहेत. त्यांना ते ‘मेळ’ म्हणतात. त्या मेळांकडे पुढच्या कित्येक वर्षांच्या नवसांच्या तारखा आधीच लागून राहिलेल्या असतात.

चौकीत

खेळ सुरू व्हायला वेळ होता. आजोबा म्हणाले, “आधी चौकी बघून घ्या.” चौकी म्हणजे सोंगे नटवायची जागा. आम्ही बाया जरा मागे सरलो. पण आजोबांनी चपला काढायला लावल्या, तेव्हा ही जागा कशी आहे ते समजले. झापांच्या आडोशात मधोमध गणपती मांडला होता आणि पुढे समई तेवत होती. खेळाच्या आधी तिथे पूजा होते, प्रसाद वाटला जातो. तोंड रंगवून तयार झालेला प्रत्येक नट गणपतीला हात जोडून मगच रंगणात जातो. गावची माणसे येत होती, पोरांना पाया पडायला लावत होती आणि नटांच्या कामात न येता बाजूला उभी राहत होती.

नट दोन्ही बाजूंना ओळीने मांडी घालून बसले होते. पुढे ट्रंक आणि हातात लहानसा आरसा. कोण कुठे बसणार तेही ठरलेले. मुख्य वेषाच्या माणसाच्या जागेवर दुसरा बसत नाही. रंगवायला वेगळा माणूस नाही, ज्याने त्याने आपले तोंड आपणच रंगवायचे. कोरडे रंग खोबरेल तेलात कालवून आधी सगळ्या चेहऱ्याला पिवळसर-तांबूस थर देतात. मग काजळाने भुवया आणि डोळे, कपाळावर पांढरा-तांबडा टिळा. राक्षसाचे सोंग सगळ्यांत वेळखाऊ. तांदळाचे पीठ आणि चुना कालवून त्याचे ठिपके चेहऱ्यावर एकेक करून लावतात. ते वाळले की चेहरा काटेरी दिसायला लागतो. दोन-तीन तास हे काम चालते, आणि तेवढा वेळ तो माणूस मान हलवत नाही.

आमच्या पुरुषमंडळींचे लक्ष मात्र पागोट्याकडे होते. तिकडच्या वीराच्या डोक्यावर केवड्याच्या पानासारखे निमुळते, मोठे पागोटे असते. मला वाटले, टोपीसारखे तयार आणून घालत असतील. तसे नाही. कापडाच्या पट्ट्या एकावर एक गुंडाळून, फिती आवळून ते दर रात्री डोक्यावरच बांधतात. आमच्या मंडळींना लग्नकार्यात फेटे बांधायची सवय. पीळ कसा देतात, शेवट कुठे खोचतात, हे ते खाली वाकून बघत राहिले. बांधणाऱ्यानेही ओळखले, की हे आपल्यातलेच आहेत. त्याने हात जरा सावकाश चालवला. छातीवरचे आणि खांद्यावरचे दागिने हलक्या लाकडाचे, वरून सोनेरी वर्ख. हलके म्हणायचे, पण कपड्यांचे थर, दोऱ्यांच्या गाठी आणि पायांतले घुंगरू असे सगळे चढल्यावर त्यात रात्रभर नाचायचे म्हणजे मोट ओढण्यासारखेच काम.

कळले ते कसे?

खेळाची सुरुवात गणपतीच्या स्तवनाने झाली. मग बाळकृष्ण आणि बलराम होऊन दोन कोवळी पोरे नाचून गेली. नवशिक्यांना आधी ही कामे देतात. आमच्यातली एक मावशी हळूच म्हणाली, “अगं, हे तर गण आणि गवळणच की!” तिने बरोबर धरले होते.

मागे भागवत बसतो. तोच सूत्रधार. हातात टाळ, बाजूला मद्दळे आणि चंडे नावाचे ढोल. तो कथेचे पद गातो, पात्र त्यावर नाचते आणि मग त्याच पदावर बोलते. ते बोलणे कुणी लिहून दिलेले नसते. पदे तेवढी पोथीत असतात. भाषण नट तिथल्या तिथे रचतो. समोरच्याने कोडे घातले तर उत्तरही तिथेच शोधावे लागते. म्हणून एकच कथा दोन रात्री सारखी होत नाही.

त्या रात्री ‘अभिमन्यू काळग’ होते. काळग म्हणजे लढाई. चक्रव्यूहाची गोष्ट आपल्याला लहानपणापासून ठाऊक. दोघा माणसांनी धरलेल्या पडद्याआड पाय नाचताना दिसायचे, मग पडदा सरायचा आणि वीर समोर यायचा. सुभद्रा मुलाला अडवते, तो प्रसंग बराच वेळ चालला. ती काय बोलते ते आम्हाला शब्दाने कळत नव्हते. पण ती त्याच्या हातातले धनुष्य धरते, सोडते, पुन्हा धरते, हे दिसत होते. माझ्या जाऊबाईंचा मुलगा फौजेत आहे. त्यांनी डोळ्याला पदर लावला तो प्रसंग संपेपर्यंत काढला नाही. शेजारची एक कानडी बाई त्यांच्याकडे बघून काही बोलली आणि तिने आपल्याजवळचे पाणी पुढे केले.

कर्कीहून सांगलीला

मधे चहाला उठलो तेव्हा आजोबा हसून म्हणाले, “तुमचं मराठी नाटक आमच्याकडूनच गेलं, माहीत आहे का?” ही थट्टा नव्हती. मघाशी ज्या कर्की गावाचे नाव घेतले, तिथल्या भागवतांची मंडळी १८४२ साली सांगलीला गेली होती. संस्थानचे राजे चिंतामणराव अप्पासाहेब पटवर्धन यांनी त्यांचा खेळ पाहिला आणि आपल्या पदरच्या विष्णुदास भावे यांना असा खेळ मराठीत बसवायला सांगितले. भाव्यांनी ‘सीता स्वयंवर’ रचले आणि १८४३ साली ते सांगलीत झाले. ५ नोव्हेंबर हा मराठी रंगभूमी दिन आपण त्याचाच म्हणून पाळतो.

त्याआधी मराठी नाटक अजिबात नव्हते असे नाही. तंजावरच्या भोसले राजांनी त्याच्या दीडशे वर्षे आधी मराठीत नाटके लिहिली होती. कोकणात दशावतार होता. पण गावोगाव फिरणारी मराठी नाटकमंडळी उभी राहिली ती भाव्यांपासून. त्यांच्या नाटकातही सूत्रधार पदे म्हणायचा, पात्रे आपल्या मनाने भाषण करायची आणि राक्षस आरोळ्या ठोकत यायचे. १८५१ साली अप्पासाहेब वारले, राजाश्रय तुटला. तेव्हा भाव्यांनी मंडळी घेऊन मुलूखगिरी सुरू केली आणि १८५३ साली मुंबईत तिकीट लावून खेळ केले.

म्हणजे जी गोष्ट आम्ही चटईवर बसून बघत होतो, तशीच एके काळी सांगलीने पाहिली होती. बघणाऱ्यांनी परक्यांची म्हणून ती टाकून दिली असती, तर आपले नाटक कदाचित फार उशिरा उभे राहिले असते.

सुभद्रेचा प्रश्न

पूर्वेकडे फटफटले तेव्हा खेळ संपला. अलीकडे मध्यरात्री आटोपणारे खेळही होतात, पण हा उजाडेपर्यंत चालला. निरोप घ्यायला पुन्हा चौकीत गेलो. सुभद्रा खोबरेल तेलाने तोंड पुसत बसली होती. खालून चाळिशीचा, दाढीचे खुंट वाढलेला माणूस बाहेर आला. आजोबांच्या तोंडून बोलणे झाले. घरी थोडे भात आणि काही नारळाची झाडे. पावसाळ्यात शेती, पावसाळा सरला की मे महिन्यापर्यंत मेळाबरोबर गावोगाव. आमचा ऊस अडसाली असेल तर सोळा-अठरा महिने रानात उभा असतो, हे ऐकून त्याला नवल वाटले. मग त्याने विचारले, “तुमच्याकडेही खेळ होत असतील ना? तिथेही तुम्ही असे आत येऊन बघता का?”

आम्ही बाया एकमेकींकडे बघत राहिलो. उत्तर कुणाजवळ नव्हते.

आमच्या भागात जत्रेला तमाशाचा फड येतो. गुढीपाडव्याच्या सुमारास नारायणगावला फडांच्या राहुट्या लागतात आणि गावोगावचे कारभारी सुपारी द्यायला जातात. तमाशाही गणपतीच्या गणानेच सुरू होतो, मागोमाग कृष्णाची गवळण येते. पण माझ्या पिढीतल्या घरंदाज म्हणवणाऱ्या बायकांनी तमाशा ऐकला तो माळवदावर अंथरूण टाकून. लांबून ढोलकी यायची, शिट्ट्या यायच्या, आणि सासूबाई म्हणायच्या, “झोपा आता.” बोर्डासमोर बसायची सोय नाही, तिथे कनातीमागे जाण्याची गोष्टच कशाला! कनातीमागे डोकावणारे डोकावतात, पण ते चपला काढून आत जात नाहीत.

त्या कनातीमागेही कष्टच असतात. विठाबाई नारायणगावकर (१९३५–२००२) खेळ चालू असताना पडद्यामागे बाळंत झाल्या आणि पुन्हा बोर्डावर उभ्या राहिल्या, ही हकिगत महाराष्ट्रभर सांगितली जाते. आता राज्य सरकार त्यांच्या नावाने तमाशा कलावंतांना जीवनगौरव पुरस्कार देते. सरकारने मान दिला हे चांगले झाले. पण फड ज्या गावात उतरतो, त्या गावाने काय द्यायचे? तिकडच्या नटांना देवळाचा आधार आहे. आपल्या तमाशाला तो मिळाला नाही. त्यातली माणसे बहुतेक ज्या जातींना गावाने वेशीबाहेर ठेवले त्यांतली, हेही त्यामागचे एक कारण. एकच गणपती, पण एका कनातीमागे समई आणि दुसऱ्या कनातीमागे शिट्टी, असे का व्हावे?

परतीच्या वाटेवर गाडीत याच गोष्टी चालल्या होत्या. पुरुष म्हणाले, “तमाशा बायकांनी बघायचा नसतो.” त्यावर जाऊबाई म्हणाल्या, “वग तर महाभारतातला आणि शिवाजीमहाराजांचाही असतो. तो बायकांनी का बघू नये?” गाडी नीरेच्या पुलावर आली तरी वाद मिटला नव्हता. पण एवढे ठरले, की येत्या जत्रेला फड येईल तेव्हा कलावंतिणींना कपडे बदलायला नीट आडोशाची जागा द्यायची, दिवा आणि धुण्या-पिण्याचे पाणी तिथे पोचवायचे आणि संध्याकाळी गावातल्या पाच-सात बायकांनी चहा घेऊन तिथे जायचे.

हे काम पैशाचे नाही, फारसे कष्टाचेही नाही. आपल्याही गावाला फड येत असेल, तर घरात बोलून बघा. आणि आत जाताना चपला बाहेर काढा.