सीताफळाचे डोळे

बालाघाटच्या डोंगरात पळस फुलला की दुरूनही दिसतो. सीताफळ फुललं तर झाडाखालून जाणाऱ्यालाही पत्ता लागत नाही. येडशीजवळच्या रामलिंगच्या रानात, तुळजापूरच्या घाटउतारांवर हे झाड मुरमाला धरून आपलं आपण वाढतं. मूळचं ते अमेरिका खंडातलं. आता इथलंच झालं आहे.

फूल हिरवट, मान खाली घातलेलं. तीन लांबट जाड पाकळ्या, आत तळाशी जांभळट डाग. पाकळी अलगद बाजूला केली की इवला शंकू दिसतो. मधोमध स्त्रीकेसरांची दाटी, भोवती पुंकेसरांचं कडं. एकाच घरात राहून दिवसपाळी-रातपाळी करणाऱ्या जोडप्यासारखी त्यांची गत. फूल जरासं उकलतं तेव्हा स्त्रीकेसरांच्या टोकाच्या कुक्षी ओलसर, परागासाठी तयार असतात. पुंकेसर मात्र मागाहून पिकतात, आणि पराग सुटेतो कुक्षी वाळून गेलेल्या असतात. मग पराग दुसऱ्या फुलातून यावा लागतो. तो आणतात बारीक भुंगेरे. मधमाशीचं इथं फारसं काम नाही.

वैशाखाच्या झळांत कुक्षी लवकर सुकतात आणि फुलं गळून जातात. मृग बरसून हवेत ओल आली, की फळं धरू लागतात.

या एवढ्याशा फुलात अंडाशय कितीतरी, आणि प्रत्येकात बीजांड एकच. पराग पोचला तिथं एक काळी बी, बीभोवती गर आणि वर एक डोळा. असे सगळे अंडाशय एकमेकांना चिकटून सीताफळ होतं. दसरा-दिवाळीच्या सुमारास पाटीत डोळे उघडलेलं गोल, भरदार फळ दिसलं, तर त्याच्या फुलात पराग सगळीकडून पोचला असं समजावं. एका अंगाला पोचला नाही, तर ते अंग खुरटतं आणि फळ वाकडं होतं. आपण मात्र वाकडं फळ बाजूला सारून झाडालाच नावं ठेवतो.

बागेत काही शेतकरी कुंचल्यानं पराग लावून ही उणीव भरून काढतात. डोंगरात कुंचला घेऊन कोण फिरणार? तिथं सगळी भिस्त भुंगेऱ्यांवर, आणि त्यांचा आसरा म्हणजे झाडाखालचा कुजका पाला, सडलेली फळं. म्हणून उन्हाळ्यात डोंगराला काडी लावू नका, आणि बागेतलं सीताफळ फुलोऱ्यात असेल तर फवारणीचा पंप उचलण्याआधी एखादं फूल उघडून आत कोण आहे ते बघा.